सातवा ठोका

इंजिन दुरुस्त करायला कल्याणरावांना दहा दिवस लागले आणि ते पुन्हा बिघडवायला एक दुपार. या दोहोंपैकी दुसरे काम अधिक कौशल्याचे होते, हे त्यांनी पुढे मान्य केले. पण ते मान्य करण्याआधी त्यांना सगळ्या घरादाराचा पुष्कळ छळ सोसावा लागला.

फोन आला तेव्हा ते ओसरीवर टेबलपंख्याचे बेअरिंग साफ करीत बसले होते. पुतणीचा, म्हणजे राजनंदिनीचा, फोन वर्षातून दोनदा यायचा, दिवाळीला आणि त्यांच्या वाढदिवसाला; आणि दोन्ही वेळा ती काकूंशी अर्धा तास आणि काकांशी अर्धे मिनिट बोलायची. या वेळी तिने थेट काकांनाच मागितले. गिरणीतले जुने इंजिन चालू होईल का, असे तिने विचारले. तिला त्याचा आवाज हवा होता. पुढच्या रविवारी ती स्वतः आष्टीला येणार होती आणि सोबत ध्वनिमुद्रणाची यंत्रे घेऊन एकता येणार होती, गावातले दुकानदार गौतमचंद शेठ यांची नात.

“चालू होईल का, असं इचारू नको,” कल्याणराव म्हणाले. “कधी चालू करायचं, तेवढं सांग.”

औरंगाबादच्या तंत्रनिकेतनातून यंत्र अभियांत्रिकीची पदविका घेऊन आलेल्या माणसाला चाळीस वर्षांत घरातल्या कोणी प्रथमच त्याच्या विषयातले काही मागितले होते. त्याच संध्याकाळी त्यांनी शंभर पानी वही उघडली, समास आखला आणि कामाचे एक्केचाळीस टप्पे क्रमवार लिहून काढले. पहिला टप्पा होता ‘इंजिनावरील पोती उचलणे’ आणि शेवटचा ‘हात धुणे’. एकोणिसाव्या टप्प्याखाली त्यांनी तांबड्या शाईने रेघ मारली, कारण त्या टप्प्याची ते तंत्रनिकेतनातून आल्या दिवसापासून वाट पाहत होते.

तो टप्पा होता गव्हर्नरच्या पिनेचा. इंजिनाचा वेग आवरणारा जो भाग, त्याला गव्हर्नर म्हणतात, आणि त्याच्या दांड्यात करंगळीएवढी एक पोलादी पीन असते. कल्याणरावांच्या वडिलांच्या, रखमाजींच्या, गिरणीतली ती पीन एका अंगाने झिजली होती. त्यामुळे इंजिन हलक्या भारावर चालू लागले की सहा ठोके खणखणीत टाकायचे आणि सातवा गिळायचे. पुक, पुक, पुक, पुक, पुक, पुक. आणि मग नुसते ‘हुश्श’. गिरणी सुरू झाल्याचे गावाला कळावे म्हणून त्या काळी गिरणीच्या धुराड्यावर काहीतरी पालथे घालीत. कोणी पत्र्याचा डबा, कोणी फुटका हंडा. रखमाजींनी लग्नात आलेला पितळी गडवा घातला होता. त्यामुळे तो ‘हुश्श’ही पार परतूरच्या रस्त्यापर्यंत ऐकू जायचा. गावात दुसरी गिरणी होती आणि तिचा आवाज तंतोतंत असाच होता, फक्त तिचा एकही ठोका चुकत नसे. बाया डोक्यावर पाटी घेऊन वेशीत थांबायच्या, सात मोजायच्या आणि मग इकडे वळायच्या. पदविका घेतलेल्या मुलाने पीन बदलायची परवानगी मागितली तेव्हा रखमाजींनी एवढेच म्हटले होते, “लंगडी असली तरी लक्ष्मी आपल्याच दारात येऊन राह्यली. हात लावायचा न्हाई.”

बापाने हयातभर हात लावू दिला नाही. पुढे विजेची मोटार आली, इंजिन पोत्यांखाली गेले, रखमाजीही गेले. कल्याणरावांच्या कानात मात्र तो चुकलेला ठोका तसाच रुतून राहिला, आणि त्याचे कारण राजनंदिनी होती.

दोन हजार तीन साली पुण्याच्या चित्रपट शिक्षणसंस्थेतून ती पहिला सिनेमा घेऊन गावात आली तेव्हा गौतमचंद शेठनी गोदामाची भिंत चुन्याने रंगवून दिली होती. सगळे गाव जमले. सिनेमात नट नव्हता, नटी नव्हती, गोष्ट नव्हती. एकोणीस मिनिटे पीठ पडत होते आणि इंजिन चालत होते. गाव अवाक् होऊन बसले, कारण नटी कधी येते याची सगळेच वाट पाहत होते. कल्याणराव मात्र चौथ्या मिनिटाला उठले आणि सगळ्यांच्या देखत निघून गेले. मोठे दोन कर्णे लावून इंजिनाचा लंगडेपणा अख्ख्या तालुक्याला ऐकवला जात होता आणि त्या इंजिनाशेजारी पदविकाधारक माणूस राहतो हे सर्वांना ठाऊक होते. पडद्याजवळ उभ्या राजनंदिनीने काकांना जाताना पाहिले. ती त्यावर कधी काही बोलली नाही. फोनवरचे अर्धे मिनिट त्या दिवसापासूनचे.

त्यानंतर तिने असेच आणखी सहा सिनेमे केले. एकात अकरा मिनिटे मोसंबी सोलली जात होती. दुसऱ्यात वडीगोद्रीच्या बसथांब्यावरचा एक बाक होता, त्यावर माणसे बसत-उठत होती आणि चेहरा एकाचाही दिसत नव्हता. हे सिनेमे परदेशातल्या लोकांनी गांभीर्याने पाहिले. असल्या चित्रांना संगीत द्यायला कोणी तयार होईना, म्हणून तिने ते स्वतःच दिले, पळ्या, पत्र्याच्या पेट्या आणि रहाटाच्या दोरापासून. ते एका दिग्दर्शकाने ऐकले, त्याने आपल्या सिनेमाचे संगीत तिच्याकडे सोपवले, आणि पाहता पाहता ती संगीतकार झाली. गेली तीन वर्षे जालना जिल्ह्यात तिच्या एका गाण्याशिवाय वरात निघत नव्हती. त्या गाण्यात सातव्या मात्रेला सगळी वाद्ये एकदम थांबत आणि नाचणाऱ्यांचा पाय हवेत लटकत राही. मंठ्यातल्या बँडवाल्यांनी तर त्या ठिकाणी टोप्या उडवायची पद्धत पाडली होती. कल्याणरावांना ते गाणे आवडत नसे. त्यात कुठेतरी काहीतरी सैल आहे, असे त्यांचे मत होते.

रविवारी सकाळी गिरणीत पाय ठेवायला जागा राहिली नाही. राजनंदिनीचे वडील राधेश्याम, कल्याणरावांचे थोरले भाऊ, मंठ्याहून झेंडूचा हार घेऊन आले होते. तो त्यांनी लेकीला न घालता इंजिनाला घातला. ज्या माणसाने दोन हजार तीनमध्ये लेकीला बी.एड.चा अर्ज आणून दिला होता तोच आज भेटेल त्याला सांगत होता की, हिच्यातला कलावंत मी पाळण्यातच ओळखला होता. गौतमचंद शेठनी दुकानातून स्वतःची खुर्ची आणवली होती आणि बसण्याआधी खात्री करून घेतली.

“नंदाबाई, या टायमाला हिरोईन हाय का? मागच्या खेपेला मी एकोणीस मिनिटं डोळ्याचं पातं हलवलं न्हाई.”

“आज आहे, शेठ,” राजनंदिनी म्हणाली. “थोडी म्हातारी आहे.”

पंचेचाळिशीची झाली तरी ती दारातून आली ती पूर्वीसारखीच, अर्धी धावत. काकूंच्या गळ्यात पडली. काकांच्या पाया पडली आणि लगेच बाजूला झाली. कल्याणरावांनी तिला एक्केचाळीस टप्प्यांची वही दाखवायची ठरवली होती. ती त्यांनी बगलेतच राहू दिली. आधी आवाज, मग वही.

काकूंनी, म्हणजे सगुणाबाईंनी, नारळ फोडला. गेले दहा दिवस नवरा इंजिनाशी बोलतो आणि आपल्याशी न्हाई, हे त्यांनी या निमित्ताने सर्वांच्या कानावर घातले. एकताने डोक्यावर हेडफोन चढवले आणि मायक्रोफोनची काठी धुराड्याकडे नेली. कल्याणरावांनी दाबाची कळ उचलली, हॅण्डल बसवले, तीन फेरे दिले आणि कळ सोडली.

इंजिन पहिल्याच दमात लागले. पुक, पुक, पुक, पुक, पुक, पुक, पुक, पुक. घड्याळाने शिकवणी लावावी असा ठोका. पितळी गडवा घासूनपुसून लख्ख केला होता. तो धुराड्यावर डुलत टाळ्या दिल्यासारखा वाजू लागला. राधेश्यामांनी खरोखरच टाळ्या वाजवल्या. कल्याणराव हात पुसत मागे सरले आणि त्यांनी बावीस वर्षांत प्रथमच पुतणीच्या तोंडाकडे सरळ पाहिले.

राजनंदिनी बोटांवर मोजत होती. सातव्या बोटापाशी ती थांबली. पुन्हा मोजू लागली, पुन्हा तिथेच थांबली. मग ती धान्याच्या पोत्यावर बसली आणि हसू लागली; हसता हसता पोत्यावरून घसरली, जमिनीवर बसून हसली, डोळे पुसले, इंजिनाकडे पाहिले आणि नव्याने सुरू झाली. ते पाहून एकता हसू लागली. काय झाले हे कळले नसतानाही गौतमचंद हसू लागले, कारण मागच्या वेळी त्यांना काहीच न कळूनही गंभीर बसावे लागले होते.

कल्याणरावांनी इंजिन बंद केले.

“काका,” तिने श्वास गोळा करीत विचारले, “सातवा कुठं गेला?”

“काढला,” ते ताठ मानेने म्हणाले. “म्हणजे, घातला. नवी पीन जालन्यात लेथवर करून आणली. बिलकुल दोष राह्यला न्हाई.”

“तो दोषच न्यायला आल्ते मी.”

मग तिने जे सांगितले ते गिरणीतल्या प्रत्येकाने आपापल्या परीने समजून घेतले. बऱ्याच वर्षांनी ती पुन्हा स्वतःचा सिनेमा करीत होती. चित्रही तिचे, संगीतही तिचेच, आणि हे दोन्ही एकत्र जमवण्याची संधी यानंतर कोणी देईल असे तिला वाटत नव्हते. त्यातली पहिली एकोणीस मिनिटे नुसते हे इंजिन होते. मंगळवारी मुंबईत चाळीस वादक बसणार होते आणि त्यांच्या कागदांवरचे प्रत्येक आवर्तन त्या गिळलेल्या ठोक्यावर थांबत होते. जुन्या सिनेमाच्या ध्वनिफितीला बुरशी लागली होती. वरातीतल्या गाण्यातला पाय जिथे लटकतो ती जागाही, म्हणे, इथलीच होती. सगळे काही त्या ‘हुश्श’वर उभे होते आणि काकांनी तो शंभर टक्के बरा केला होता.

कल्याणरावांना शेवटचे वाक्य नीट ऐकूच आले नाही. ते वरातीपाशीच अडकले होते. अख्खा जिल्हा तीन वर्षे त्यांच्या गव्हर्नरच्या पिनेवर नाचत होता.

“ताई, मी काँप्युटरवर दर सातवा ठोका पुसून टाकते,” एकता म्हणाली. “दहा मिनिटांचं काम आहे.”

राजनंदिनी उत्तर देणार तोच कल्याणराव बोलून गेले.

“पुसून न्हाई जमायचं. सातवा पडला न्हाई की चाकाचा वेग थोडा उतरतो. मंग गव्हर्नर घाबरतो, डिझेल जास्त सोडतो, आन् आठवा ठोका बाकीच्यांपेक्षा जड पडतो. नववा जरा जल्दी येतो. बराबर व्हायला बारावा उजाडतो. तू सातवा पुसशील, पण आठव्याला दम कुठून आणशील?”

राजनंदिनी जमिनीवरच बसून होती. तिने काकांकडे असे पाहिले की त्यांना वाटले, आपल्या कपाळाला ग्रीस लागले असावे.

“हे मला कागदावर लिहायला चार वर्षं लागली,” ती हळूच म्हणाली. “तुम्हाला ठाऊक होतं?”

“मी तेच ऐकत मोठा झालो,” ते म्हणाले, आणि पुढचे बोलणे टाळण्यासाठी त्यांनी पाना उचलला.

यानंतरचा दीड तास त्या घराण्याच्या इतिहासात अपूर्व ठरला, कारण ज्या भाऊबंदांचे बांधावरच्या आंब्यापासून नवरदेवाच्या फेट्यापर्यंत कधी एकमत झाले नव्हते, ते आता एकच यंत्र बिघडवण्यासाठी एकवटले. राधेश्यामांचे म्हणणे होते की पट्टा सैल करावा. गौतमचंदांनी डिझेलमध्ये चहाचा कप भरून पाणी घालण्याचा उपाय सुचवला आणि कल्याणराव नको नको म्हणत असताना तो अमलातही आणला. त्यावर इंजिन खोकले, ठसकले आणि कसलाही हिशेब न ठेवता कधी तिसरा, कधी अकरावा ठोका चुकवू लागले. ते पाणी काढून टाकायला कल्याणरावांना सबंध अर्धा तास लागला.

“भाऊजींच्या हाती द्या,” सगुणाबाई म्हणाल्या. “मागच्या साली माझं मिक्सर दुरुस्त केल्तं त्यांनी. आपोआप बिघडंल.”

“सगुणाबाई, ते मिक्सर अजून चालून राह्यलं,” राधेश्याम म्हणाले.

“चालतंय की. थांबतच न्हाई.”

“बिघाड म्हणजे गोंधळ न्हाई!” कल्याणराव कडाडले. सबंध दिवसात त्यांचा आवाज चढला तो एवढाच. “त्याला शिस्त असती. हा दोष चाळीस वर्षं एका जागी झिजून झाला. तो असा चहाच्या कपानं येत न्हाई. जुनी पीन पाहिजे.”

आणि जुनी पीन होती. आपण काय बोलून गेलो हे त्यांच्या ध्यानात आले तेव्हा त्यांचेच पाय फळीकडे वळले होते. त्या फळीवर बिस्किटांचे पत्र्याचे डबे ओळीने मांडले होते आणि प्रत्येकावर त्यांच्या वळणदार अक्षरात चिठ्ठी होती. इंजिनाच्या डब्यावर लिहिले होते: ‘सदोष. पुन्हा वापरू नये.’ त्यांनी झाकण उघडले. डबा रिकामा होता.

सर्वांनी एकमेकांकडे पाहिले. सगुणाबाई मात्र नारळाची शेंडी सोलण्यात एकाएकी फार गुंतल्या.

“सगुणा,” कल्याणराव म्हणाले.

“तुम्हीच तर लिहिल्तं, वापरू नये. मला वाटलं, कामाची न्हाई.” त्या क्षणभर थांबल्या. “गोठ्याच्या कडीला बसली. इतकी बराबर बसली की काय सांगू.”

राजनंदिनी सर्वांत पुढे पळाली, तिच्यामागे एकता, तिच्यामागे हेडफोनची तार. तिने कडीतली पीन उपसली, आणि त्याच क्षणी दार उघडून आतली दोन्ही वासरे अंगणात आली. एक थेट गिरणीत शिरले. दुसऱ्याने त्याच्या मागोमाग आत येऊन राधेश्यामांनी इंजिनाला घातलेला झेंडूचा हार ओढून अर्धा खाल्ला, आणि राधेश्याम त्याच्यामागे, उरलेला अर्धा वाचवण्यासाठी, अंगणभर धावले. गौतमचंद खुर्चीवर उभे राहिले. सत्तरीच्या पुढचा तो माणूस हसून हसून खुर्चीसकट डुलत होता, आणि खालून सगुणाबाई त्यांना, पडू नका शेठ, नात रेकॉर्डिंग करून राह्यली, असे बजावीत होत्या.

वासरे बांधली गेली. गोठ्याच्या कडीला वेळू अडकवला. कल्याणराव इंजिनापाशी उकिडवे बसले. पिनेला लागलेले शेण त्यांनी रॉकेलने धुतले, फडक्याने पुसले आणि ती बोटांत धरून उजेडात फिरवली. झिजलेली बाजू आरशासारखी चकाकत होती. दांड्याच्या तोंडाशी आल्यावर त्यांचा हात थबकला. चांगला भाग काढून वाईट भाग बसवायचा, हे त्यांच्या हाताला कोणी शिकवले नव्हते.

राजनंदिनी शेजारी येऊन बसली. तिच्या हातात बॅटरी होती. बाकीची मंडळी अंगणात पाणी पीत होती.

“काका, तुम्ही त्या दिवशी उठून का गेल्ते?”

त्यांनी दांड्यावरून नजर काढली नाही.

“सगळ्या गावाला ठोका ऐकू येत होता,” ते म्हणाले. “मी डिप्लोमावाला. लाज वाटली.”

“माझ्या सिनेमाची न्हाई?”

“सिनेमा कुठं पाह्यला मी? मी चार मिनिटं नुसतं इंजिनच ऐकून राह्यल्तो.”

तिने बॅटरी खाली ठेवली आणि पुन्हा हसू लागली, या वेळी आवाज न करता, खांदे हलवीत. बावीस वर्षे ती ज्याला रुसवा समजत होती ते लक्षपूर्वक ऐकणे होते. तिच्या त्या सिनेमाचा त्या दिवशीचा एकमेव खरा प्रेक्षक चौथ्या मिनिटाला उठून गेला होता.

“बॅटरी धर,” कल्याणराव म्हणाले. “दिसत न्हाई मला.”

पीन बसली. त्यांनी दांडा हलवून पाहिला. तो त्याच जुन्या, सैल ओळखीने हलला.

एकताने सर्वांना नियम सांगितला: एकोणीस मिनिटे कोणी बोलायचे नाही, खोकायचे नाही, हसायचे तर मुळीच नाही. सगुणाबाईंनी पदराचा बोळा तोंडात धरला. कल्याणरावांनी तीन फेरे दिले आणि कळ सोडली.

पुक, पुक, पुक, पुक, पुक, पुक.

हुश्श.

वेशीकडून जाणारी एक म्हातारी रस्त्यात थांबली आणि गिरणीकडे वळून पाहू लागली.

चौथ्या मिनिटाला राजनंदिनीने काकांकडे पाहिले. ते पोत्यावर बसले होते, दोन्ही हात मांड्यांखाली दाबून, कारण ते हात पान्याकडे जाऊ पाहत होते. सातव्या मिनिटाला गौतमचंदांचा उजवा पाय जमिनीवरून उचलला गेला, ‘हुश्श’पाशी हवेत राहिला आणि आठव्या ठोक्याला खाली आला. नवव्या मिनिटाला राधेश्यामांचाही. बाराव्यापर्यंत सगळ्या गिरणीत तोंडे घट्ट मिटलेली, डोळ्यांतून पाणी वाहणारी आणि एक पाय हवेत धरून थांबणारी वडीलधारी माणसे होती. तेराव्याला एकताने हेडफोन काढून कल्याणरावांच्या डोक्यावर ठेवले. त्यांनी डोळे मिटले. आठवा ठोका जड पडला, नववा जरा लवकर आला, आणि बारावा बरोबर जागेवर. त्यांच्या हनुवटीने तो मोजला.

एकोणिसावे मिनिट संपेपर्यंत ते जागचे हलले नाहीत.

इंजिन थांबल्यावर जी आरडाओरड झाली तिच्यात ते सामील झाले नाहीत. त्यांनी हात धुतले, वही उघडली, एक्केचाळिसाव्या टप्प्याखाली बेचाळिसावा, ‘जुनी पीन पुन्हा बसवणे’, लिहिला आणि त्यावर बरोबरची खूण केली. मग खिशातून जालन्याच्या लेथवर घडवलेली ती गुळगुळीत, नवी कोरी पीन काढून रिकाम्या डब्यात ठेवली. जुनी चिठ्ठी खरवडून काढली, नवी कापली आणि जीभ दातांत धरून, पूर्वीच्याच वळणदार अक्षरात लिहिले:

‘निर्दोष. पुन्हा वापरू नये.’